मदत हवी आहे: भाजलेल्या कोळंबीचं थाई सॅलड, कोळंबी चिवट होतेय आणि खाली पाणी सुटतंय

नमस्कार मंडळी, जरा सविस्तर लिहितेय कारण दोनदा बिघडलंय आणि या रविवारी परत करायचंय.

मागच्या वर्षी आईला घेऊन बँकॉकला गेले होते. तिथून एक दिवस नाखोन चाय सी नावाच्या गावाला गेलो, बँकॉकच्या पश्चिमेला, नदीकाठी, तिथली पपनसं थायलंडभर प्रसिद्ध आहेत. एका साध्या खानावळीत यम सोम-ओ खाल्लं. सोम-ओ म्हणजे पपनस, आणि यम म्हणजे आंबट-तिखट कालवलेलं. पपनसाचे मोकळे केलेले गर, वर भाजलेली कोळंबी, दाणे, भाजलेलं खोबरं, कच्चा कांदा, पुदिना, मिरची. आई पहिल्या घासाला म्हणाली, अगं ही तर आपली खमंग काकडीच की, दाणे लिंबू साखर मिरची सगळं तेच, फक्त फोडणी नाही. आणि मग तिने माझ्या ताटलीतलंही संपवलं.

आईचं वय ७१. डॉक्टरांनी तेल आणि नारळ कमी करायला सांगितल्यापासून तिचं जेवणातलं लक्षच उडालंय. जन्मभर कोळंबीचं कालवण आणि तळलेली कोळंबी खाल्लेल्या बाईला वाफवलेल्या भाज्या कशा जाणार, अर्धी पोळी खाऊन उठते. आता गणपती झाले, मासळी चांगली येतेय, आणि शेजारच्या काकूंनी गावच्या माटवीची (गणपतीच्या वर फळं-पानं टांगतात ती) दोन पपनसं आणून दिली. ती बघून आई स्वतःहून म्हणाली की तिकडे खाल्लेलं ते कर ना. कित्येक महिन्यांनी तिने काहीतरी मागितलंय म्हणून मला ते नीटच करायचंय.

मी काय केलं ते सांगते. अर्धा किलो मध्यम कोळंबी, साफ करून काळा दोरा काढला, लिंबू मीठ लसूण लावून तासभर ठेवली, नॉनस्टिकवर मध्यम गॅसवर सात-आठ मिनिटं परतली. रबर झाली अक्षरशः. सॉस म्हणजे तीन मोठे चमचे फिश सॉस, दोन लिंबं, एक छोटा चमचा साखर. नुसतं खारट लागलं आणि वास पण नाकात बसला. काकडी पण घातली होती, सगळं तासभर आधी कालवून फ्रीजमध्ये ठेवलं तर वाडग्यात तळाला वाटीभर पाणी. आणि पपनस कडू लागलं ते वेगळंच. एकेक करून सांगा प्लीज.

प्रतिसाद १, कोळंबीप्रेमी

कोळंबीचं बोलतो. आधी ते लिंबू काढा. आंबट लावून तासभर ठेवलं की विस्तवावर जायच्या आधीच ती आवळायला लागते, कडा पांढुरक्या झालेल्या दिसल्या असतील तुम्हाला. लिंबू नंतर सॉसमधून मिळतंच की. दुसरं म्हणजे सात-आठ मिनिटं फार झाली. मध्यम कोळंबीला कडक तापलेल्या तव्यावर एका बाजूला दीड-दोन मिनिटं पुष्कळ. नॉनस्टिक ठेवून द्या आणि बिडाचा तवा घ्या, धूर यायला लागेपर्यंत तापवा. तेल तव्यावर ओतायचं नाही, कोळंबीला तेलाचा हात लावायचा, चमचाभरात होतं. एकदम सगळी टाकू नका, गर्दी झाली की तवा थंड पडतो, कोळंबी पाणी सोडते आणि भाजायच्या ऐवजी उकडते.

त्याआधी ती अगदी कोरडी हवी, पंच्याने टिपून घ्या. मी पाव किलो सोललेल्या कोळंबीला दोन चिमटी खायचा सोडा आणि दोन चिमटी मीठ चोळून वीस मिनिटं फ्रीजमध्ये ठेवतो, मग धुऊन टिपतो. त्याने ती करकरीत राहते. झाली का हे आकारावरून कळतं, चंद्रकोरीसारखी वळली की उचलायची, पूर्ण वेटोळं झालं की गेली. पाठीवर जिथे चीर दिलीय तिथे आत बघा, काचेसारखं दिसायचं थांबून पांढरं झालं की बस. विस्तवाचा वास हवा असेल तर वांगं भाजायची जाळी काढा, बांबूच्या काड्या अर्धा तास पाण्यात भिजवून त्यात कोळंबी ओवा, एकीत दोन काड्या घातल्या तर उलटताना गरागरा फिरत नाही.

प्रतिसाद २, खलबत्ता

फिश सॉसला मीठ समजा, मग प्रमाण चुकणार नाही. तो अँकोव्हीसारखे छोटे मासे मिठात महिनोन्‌महिने मुरवून काढतात, त्यामुळे खारटपणा जबर असतो. चार माणसांना एक मोठा चमचा फिश सॉस, दोन चमचे लिंबाचा रस, दीड चमचा किसलेला गूळ, एक चमचा पाणी, इथून सुरू करा आणि चाखत चला. वरून मीठ अजिबात नको. लिंबू आपलं कागदीच घ्या, थायलंडमध्ये वापरतात ते याच जातीचं. गोव्याचा माडाचा गूळ मिळाला तर फारच छान, कारण तिकडची नारळाची साखरही माडाच्या गोड रसापासूनच करतात. मिरची लवंगी. लसूण, मिरची, गूळ आधी खलबत्त्यात ठेचा, मग रस, मग फिश सॉस. आंबट-गोड-तिखट नीट जमलं की तो वास मागे जातो.

कोळंबीला लावायला लिंबाऐवजी थाई लोकांचं नेहमीचं वाटण करा. कोथिंबिरीची मुळं, लसूण, पांढरी मिरी, बास. आपण जुडीची मुळं कापून फेकतो, तिकडे तीच जपून ठेवतात. मात्र चांगली घासून धुवा, माती अडकलेली असते.

पपनसाचं कडूपण त्याच्या पांढऱ्या सालीत आणि पापुद्र्यात असतं. प्रत्येक फोडीचा पापुद्रा पूर्ण सोलून आतला गर तेवढा घ्यायचा, हाताने मोकळा करायचा, सुरीने चिरलं तर रस गळतो. वेळ लागतो पण त्याला पर्याय नाही.

आणि घरात सोडे किंवा सुकट आहे का? थोडी कोरडी भाजून दाण्यांबरोबर भरड कुटा आणि वरून भुरभुरा. यम सोम-ओमध्ये सुकी कोळंबी बरेचदा असते. खोबरंही कोरडंच भाजा, एक चमचा पुरतं.

प्रतिसाद ३, गोळ्यांच्या दुकानातली

थांबा जरा, रेसिपीच्या आधी एक विचारते. आईंना कोलेस्टेरॉलची किंवा बीपीची गोळी चालू आहे का? पपनस हे ग्रेपफ्रूटच्याच घरातलं, ग्रेपफ्रूट मुळात पपनस आणि संत्र्याच्या संकरातून आलंय. दोन्हींत असे घटक असतात की आतड्यात काही औषधं फोडणारं एन्झाइम बंद पडतं आणि मग तीच गोळी रक्तात जास्त प्रमाणात पोचते. सिमव्हास्टॅटिन, अटोर्वास्टॅटिन, बीपीतलं फेलोडिपिन ही नावं असतील तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय पपनस देऊ नका. सकाळी गोळी आणि संध्याकाळी फळ असं करूनही उपयोग नाही, परिणाम दिवसभराहून जास्त राहतो. सगळ्याच गोळ्यांना हे लागू नाही, म्हणून पाकिटावरचं नाव बघा.

शिवाय एक मोठा चमचा फिश सॉस म्हणजे साधारण १४०० मिलिग्रॅम सोडियम, आणि जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसाला २००० च्या आत सांगते. चार माणसांत वाटलं तर चालेल, पण त्या दिवशी लोणचं-पापड नको.

मूळ प्रश्नकर्ती

ताई तुमचे किती आभार मानू. पाकीट बघितलं, अटोर्वास्टॅटिनच आहे. डॉक्टरांना फोन केला तर ते म्हणाले पपनस नकोच. आधीच्या दोन वेळेला कडू लागलं म्हणून तिने बाजूला काढून ठेवलं होतं ते बरंच झालं. पण आता सॅलडमधलं मुख्य फळच गेलं. आईला सांगितलं तर गप्प बसली. पपनसाऐवजी काय घालू? रविवार जवळ आलाय.

प्रतिसाद ४, कोशिंबीरवाली

तुमच्या आईंनीच उत्तर दिलंय ना, खमंग काकडी! चोचवलेली काकडी घाला. किसू नका, किसली की लगदा होतो. काकडी सोलून डाव्या हातात धरा, सुरीने उभे घाव घालत चोचवा, मग वरून पातळ कापत जा, बारीक लांब काड्या पडतात. थायलंडमध्ये सोम तम नावाच्या सॅलडसाठी कच्ची पपई अशीच हातात धरून चोचवतात, मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा थक्क झाले, आजी अगदी तशीच करायची. मधला बियांचा भाग आला की थांबायचं, पाणी तिथेच असतं. मीठ लावून पिळायची गरज नाही, आईंना मीठ कमी हवंय, नुसती चाळणीत अर्धा तास फ्रीजमध्ये निथळू द्या. आंबट करकरीतपणासाठी एक हिरवं सफरचंद, तेही असंच बारीक.

आणि कालवायचं ते पानं घेतल्यावर. दाणे अगदी शेवटी, नाहीतर मऊ पडतात.

मूळ प्रश्नकर्ती

रविवारी केलं. लिहिते लगेच कारण तुम्ही सगळ्यांनी इतकं मनापासून सांगितलंत.

बिडाचा तवा धूर येईपर्यंत तापवला, कोळंबी सहा-सहा करून टाकली. टाकताक्षणी चर्र आवाज आला, आधी तो कधीच आला नव्हता. खालच्या बाजूने केशरी रंग कडेकडेने वर चढत जातो आणि मध्ये एक राखाडी पट्टा उरतो, तो बोटाच्या पेरापेक्षा बारीक झाला की उलटायची असं मी ठरवलं आणि ते बरोबर निघालं. पाठीवर दोन-तीन काळे डाग पडले, मुळांच्या वाटणाचा वास घरभर. दाताखाली कट्कन तुटत होती.

काकडी आईनेच चोचवली. मला धड जमेना म्हणून तिने हातातून सुरी घेतली, खुर्चीत बसून दोन्ही काकड्या केल्या आणि मिरची जास्त घाल म्हणून दोनदा सांगितलं. फिश सॉस पाऊण चमचाच घातला, गूळ थोडा वाढवला, सोडे भाजून कुटले. पाणी सुटलं नाही असं नाही, तळाला होतं थोडं, पण आईने वाटी तिरकी करून ते पण पिऊन टाकलं. एक भाकरी पूर्ण खाल्ली तिने. पपनसं मी आणि मुलीने दुसऱ्या दिवशी मीठ-तिखट लावून खाल्ली, आईसमोर नाही.

आता एकच राहिलंय. मला कोळंबीवर गवती चहाच्या बुडख्याचे पातळ काप पण घालायचेत, पण माझ्या कुंडीतला गवती चहा पेन्सिलीहून बारीक आहे, बाहेरचे पापुद्रे काढले तर आत काही उरतच नाही आणि जे उरतं ते चोथ्यासारखं लागतं. कुंडीत त्याचे बुडखे जाड व्हायला काय करावं लागतं, मोठी कुंडी की गड्डा फोडून वेगळा लावायचा? कुणी केलं असेल तर सांगा, पुढच्या रविवारी परत करायचंय.