ब्रेथ ऑफ द वाइल्ड : उरलेल्या साइड क्वेस्ट आणि कोरोक बिया तयार नकाशा न बघता कशा शोधाव्यात?

दुर्बीण

नमस्कार. गेल्या दिवाळीपासून मी आणि माझी नऊ वर्षांची मुलगी निन्टेन्डो स्विचवर ‘झेल्डा : ब्रेथ ऑफ द वाइल्ड’ हा व्हिडिओ गेम खेळत आहोत. कंट्रोलर बहुधा माझ्या हाती असतो आणि ती शेजारी बसून “आई, तिकडे काहीतरी आहे” असे सांगत असते. चारही डिव्हाइन बीस्ट, म्हणजे महाकाय यांत्रिक पशू, मुक्त करून झाले आहेत. १२० पैकी ७१ श्राइन (कोड्यांची छोटी मंदिरे), ७६ पैकी ३१ साइड क्वेस्ट (मुख्य कथेबाहेरची कामे) आणि ९०० पैकी ११८ कोरोक बिया (कोरोक नावाचे लपलेले छोटे वनजीव शोधले की त्या मिळतात) एवढी आमची आतापर्यंतची कमाई आहे. मुख्य कथेत आता फक्त किल्ल्यात जाऊन गॅनन या खलनायकाशी लढणे उरले आहे, पण तिकडे पाऊल टाकायला दोघींचेही मन होत नाही.

मागच्या आठवड्यात मी इंटरनेटवरचा एक नकाशा उघडला, ज्यावर प्रत्येक बी ठिपक्याने दाखवलेली आहे. दोन संध्याकाळींत आम्हाला ३४ बिया मिळाल्या, पण त्या दोन्ही संध्याकाळी मुलगी एकदाही काही बोलली नाही, कारण तिला शोधायला काही उरलेच नव्हते. तिसऱ्या दिवशी तिने पुस्तक वाचायला घेतले, तेव्हा मी तो नकाशा बंद केला. म्हणून माझे तीन प्रश्न आहेत.

पहिला, तयार नकाशा न वापरता बिया आणि लपलेल्या पेट्या शोधण्याची काही पद्धत आहे का? दुसरा, टॅरी टाउन हे नवे गाव वसवण्याच्या क्वेस्टमध्ये हडसन या सुताराला कपडे शिवणारी गेरुडो जमातीची बाई हवी आहे आणि तिच्या नावाचा शेवट ‘सन’ असा असला पाहिजे. आम्ही चार दिवस वाळवंट पालथे घातले, तरी ती सापडलेली नाही. तिसरा, गॅननला हरवल्यानंतर ही उरलेली कामे करता येतात का, की ती आधीच आटोपून घ्यावी लागतात?

पाणवठा

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर सोपे असल्याने ते आधी देतो. गॅननला हरवल्यावर खेळ तुम्हाला लढाईच्या आधीच्या सेव्हवर परत आणतो आणि त्या सेव्हवर एक तारा उमटतो. कोणतीही क्वेस्ट बंद होत नाही. उलट त्यानंतर नकाशाच्या पडद्यावर तुमची प्रगती टक्क्यांत दिसू लागते. मात्र त्या टक्क्यांवर फार विसंबू नका, कारण साइड क्वेस्ट त्यांत धरल्याच जात नाहीत आणि एकूण टक्क्यांपैकी सुमारे ७२ टक्के वाटा एकट्या कोरोक बियांचा आहे. सगळ्या ७६ साइड क्वेस्ट पूर्ण केलेल्या माणसाचा आकडाही त्यामुळे केविलवाणा दिसू शकतो.

आता शोधण्याच्या पद्धतीबद्दल. कोरोक जिथे लपलेला असतो तिथे निसर्गात सहसा न आढळणारा नीटनेटकेपणा असतो, आणि तो ओळखण्याची सवय झाली की अर्धे काम होते. दगडांच्या वर्तुळात एकच जागा रिकामी दिसली, तर हरवलेला दगड आसपासच पडलेला असतो. पाण्यावर कमळाची पाने गोलाकार मांडलेली दिसली, तर उंचावरून नेमकी त्या गोलात उडी घ्यायची. सारखीच तीन फळझाडे एका ओळीत असली, तर तिन्ही झाडांवर तेवढीच फळे तशाच जागी उरतील अशा बेताने जास्तीची तोडायची. मूर्तींच्या रांगेपुढे फळे ठेवलेली असून एकीपुढचे ताट रिकामे असेल, तर तेच फळ तिथे ठेवायचे. पिवळे फूल जवळ जाताच नाहीसे होऊन दुसरीकडे उगवत असेल, तर शेवटचे पांढरे फूल येईपर्यंत त्याचा पाठलाग करायचा. पानाचे चित्र असलेल्या बुंध्यावर उभे राहिले की दूर एक सोनेरी कडे उमटते आणि वेळ संपण्याआधी तिथे पोहोचायचे असते. उघड्या माळावर उगीचच फिरत असलेली भिरभिरी दिसली, तर तिच्याशेजारी उभे राहून आकाशाकडे पाहायचे, कारण तेवढ्यात जवळपास फुगे तरंगू लागतात आणि ते बाणाने फोडायचे असतात.

याशिवाय शिखरे आहेत. जवळजवळ प्रत्येक नाव असलेल्या सुळक्याच्या माथ्यावर एखादा दगड तरी उचलून पाहावा. पाऊस असताना चढू नका, कारण हात सुटून सगळा दम वाया जातो. आजूबाजूला शेकोटी पेटवण्याजोगा आडोसा असेल तर पाऊस थांबेपर्यंत तिथेच बसून राहावे.

पेट्यांसाठी मॅग्नेसिस ही चुंबकशक्ती वापरा. ते चालू केले की लोखंडी वस्तू गुलाबी झळाळीने उठून दिसतात, आणि पाण्याच्या तळाशी किंवा मातीत गाडलेल्या पेट्याही त्यात कळतात. आम्ही कित्येक तळ्यांच्या काठाने नुसतेच फिरत होतो. हे कळल्यावर त्याच तळ्यांतून पेट्या निघाल्या. दुसरे म्हणजे हटेनो गावच्या प्रयोगशाळेत पुरा नावाच्या शास्त्रज्ञ बाईकडून सेन्सर, म्हणजे वस्तू शोधणारे साधन, सुधारून घ्या. त्यासाठी तीन जुने स्क्रू लागतात. त्यानंतर कॅमेऱ्याने फोटो काढलेली कोणतीही वस्तू, अगदी खजिन्याची पेटीसुद्धा, सेन्सर शोधून देतो. कोरोक मात्र सेन्सरला दिसत नाहीत. ते तुमच्या मुलीच्याच डोळ्यांना सापडतील.

शेवटची सूचना अशी की श्राइनवरून श्राइनवर उडी मारत प्रवास करणे काही दिवस थांबवा. एक भाग ठरवून त्यात पायी किंवा घोड्यावर हिंडा, एखाद्या मनोऱ्यावर चढून दुर्बिणीने आसमंत न्याहाळा आणि संशयास्पद वाटेल ते नकाशावर शिक्का मारून नोंदवा. असे शंभर शिक्के मारता येतात. सापडलेल्या बियांच्या जागी पानाचे चिन्ह नकाशावर आपोआप उमटते, त्यामुळे कोणता भाग अजून कोरा आहे हे सहज दिसते.

सातबारा

दुर्बीणताई, टॅरी टाउन ही माझी सर्वांत आवडती क्वेस्ट असल्याने उत्तर थोडे लांबेल. तुमची गेरुडो बाई वाळवंटात नाही, ती गेरुडो शहराच्या भिंतीच्या आत आहे आणि तिचे नाव रॉन्डसन. पुरुषांना, म्हणून आपले पात्र असलेल्या लिंकलाही, त्या शहरात प्रवेश नाही, पण डिव्हाइन बीस्टसाठी तुम्ही आत गेलाच असाल, म्हणजे कारा कारा बाजारातून ६०० रुपयांना (खेळातल्या चलनात) घेतलेला स्त्रीवेश तुमच्याकडे असणार. तो घालून आत जा आणि घाई न करता प्रत्येकीशी बोला. कोणाशीही बोलण्याआधी तिचे नाव पडद्यावर दिसत नाही, म्हणूनच ती नजरेतून सुटते.

या क्वेस्टचे मर्म सुरुवातीला फार कमी लोकांना कळते. हटेनोत बोल्सन या बांधकाम कंपनीच्या मालकाकडून तुम्ही ३,००० रुपये आणि ३० मोळ्या लाकूड देऊन घर घेतले, त्याच बोल्सनच्या कंपनीचा नियम आहे की कामावरच्या प्रत्येकाचे नाव ‘सन’ने संपले पाहिजे. हडसन अक्कालाच्या तळ्यावर एकटा पोहोचतो आणि तिथे माणसे कमी म्हणून लिंकला पाठवतो, पण नियम मोडत नाही. म्हणून गोरोनांमधून ग्रेसन आणि त्याचा धाकटा भाऊ पेलिसन, गेरुडोंमधून रॉन्डसन, रिटोंमधून फायसन आणि झोरांमधून कॅप्सन अशी माणसे गोळा होतात. चार वेगवेगळ्या जमातींचे लोक, जे एरवी आपापल्या डोंगरात, वाळवंटात किंवा नदीकाठी राहतात, ते एका उजाड माळावर एकत्र राहू लागतात. गॅननने उद्ध्वस्त केलेल्या त्या प्रदेशात तुमच्या डोळ्यांसमोर नव्याने वसणारे हे एकच गाव आहे.

लाकूड हडसनला आधी १०, मग २०, मग ३० आणि शेवटी ५० मोळ्या असे लागते, म्हणजे एकूण ११०. आत्ताच साठवून ठेवा. कुऱ्हाडीने झाड पाडल्यावर आडव्या पडलेल्या ओंडक्यावर पुन्हा घाव घालायचा, म्हणजे मोळ्या निघतात. कुऱ्हाडीची धार वाचवायची असेल तर बॉम्बनेही तेच काम होते. मात्र उतारावर बॉम्ब वापरू नका, नाहीतर ओंडका घरंगळत दरीत जातो आणि आपण नुसते पाहत राहतो.

आणि एक विनंती. प्रत्येक नवा माणूस आल्यावर गावात थोडा वेळ काहीही न करता उभ्या राहा आणि आवाज मोठा करा. गावाच्या संगीतात प्रत्येक जमातीबरोबर एकेक वाद्य वाढत जाते. पहिल्या खेपेला मी टीव्हीचा आवाज बंद ठेवून खेळत असल्याने हे सारे मला कळलेच नव्हते आणि त्याचे मला आजही वाईट वाटते.

कातळ

मी सर्व ९०० बिया गोळा केल्या आहेत, म्हणून वेगळी बाजू मांडतो. वरील सर्व सूचना योग्य आहेत, परंतु ९०० हा आकडा मनातून काढून टाका. बिया घेऊन सामानाची जागा वाढवून देणाऱ्या हेस्टू या कोरोककडून शस्त्रे, धनुष्ये आणि ढाली यांच्या सर्व जागा वाढवून घेण्यासाठी ४४१ बिया पुरतात. त्यापुढच्या ४५९ बियांनी इन्व्हेंटरीत एकही जागा वाढत नाही. नऊशेव्या बीनंतर हेस्टू जे देतो ते मी इथे सांगत नाही, पण त्याने लढाईत काहीही फरक पडत नाही एवढे नक्की. माझी समजूत अशी आहे की निर्मात्यांनी एवढ्या बिया सगळ्या गोळा करण्यासाठी ठेवलेल्याच नव्हत्या. खेळाडू कोणत्याही दिशेने गेला तरी त्याला वाटेत काहीतरी सापडावे, म्हणून त्या सर्वत्र पेरल्या आहेत.

तुमच्याकडच्या बिया आधी शस्त्रांच्या जागांवर खर्च करा. पहिल्या जागेला १, मग २, ३, ५, ८ अशी किंमत चढत जाते. त्यानंतर धनुष्याच्या तीन-चार जागा घ्या. ढाली शेवटी, कारण एका वेळी दोन-तीन चांगल्या ढाली असल्या की भागते. एका चढाईत पाच-सहा शस्त्रे मोडतात, तेव्हा शस्त्रांच्या वाढीव जागेची किंमत कळते.

अतिरिक्त भाग विकत घेतले असतील, तर २०१७ च्या जून महिन्यात आलेल्या पहिल्या भागातला कोरोक मुखवटा लॉस्ट वूड्समध्ये मिळतो. तो घातला की जवळ कोरोक असताना मुखवटा हलतो आणि आवाज करतो. जागा नेमकी दाखवत नाही, फक्त “इथेच आहे, शोध” एवढेच सांगतो, त्यामुळे तुमच्या मुलीचे काम हिरावून घेतले जात नाही. त्याच भागात तुमच्या मागच्या २०० तासांचा पायमार्ग नकाशावर हिरव्या रेषेने दाखवण्याची सोय आहे. मी ती पहिल्यांदा चालू केली तेव्हा हेब्राच्या बर्फाळ डोंगरांचा संपूर्ण पश्चिम भाग माझ्या रेषेने शिवलेलाच नव्हता, आणि मला तर वाटत होते की मी सगळीकडे जाऊन आलो आहे.

शेवटच्या दोनशे बिया मी तुमच्यासारख्याच तयार नकाशावरून घेतल्या. पहिल्या सातशेंपैकी कित्येक जागा मला आजही आठवतात. त्या दोनशेंपैकी एकही आठवत नाही.

पाणवठा

कातळ यांच्याशी मी बियांबाबत सहमत आहे, पण श्राइनचे तसे नाही, हे नव्या वाचकांसाठी स्पष्ट करतो. श्राइन १२० च्या १२० करण्यासारख्या आहेत. दर चार श्राइनमागे एक हृदय किंवा दमाचा एक भाग वाढतो आणि सगळ्या पूर्ण झाल्यावर फरगॉटन टेम्पलमध्ये एक खास पोशाख मिळतो. उरलेल्या ४९ पैकी बऱ्याच श्राइन जमिनीवर दिसणारच नाहीत, कारण त्या ४२ श्राइन क्वेस्टमागे दडलेल्या असतात. कॅस नावाचा रिटो गायक अकॉर्डियन वाजवत ठिकठिकाणी उभा असतो आणि त्याची कोडी यातच मोडतात. त्याच्या वाद्याचा सूर दुरून ऐकू येतो, म्हणून पुन्हा तेच सांगतो, आवाज चालू ठेवा.

दुर्बीण

सर्वांचे मनापासून आभार. आठवडाभरात काय झाले ते सांगते.

रॉन्डसन गेरुडो शहरातच सापडली. आम्ही तिच्यासमोरून किमान दहा वेळा गेलो होतो. ‘सन’चे सूत्र मुलीला सांगितल्यावर तिने वहीत हडसन, ग्रेसन, पेलिसन, रॉन्डसन अशी यादी केली आणि खाली बाबांचे आणि आजोबांचे नाव ‘सन’ लावून लिहिले. टॅरी टाउनमध्ये उभे राहून आम्ही संगीत ऐकले. पूर्वी ऐकलेल्या सुरांत नवे काहीतरी मिसळले आहे हे माझ्याआधी तिच्या लक्षात आले.

कॅसच्या एका कोड्याने मात्र आम्हाला दोन दिवस अडवून धरले होते. हाडाचा मुकुट असलेल्या पशूवर बसून येणाऱ्या वीराबद्दल ते आहे. इंग्रजी ओळी मी तिला मराठीत समजावून सांगते, आणि तसे सांगताना मी नकळत ‘राजा’ हा शब्द वापरल्याने आम्ही दोघीही एखाद्या राजाला, मग एखाद्या सिंहाला शोधत बसलो. तिसऱ्या दिवशी मी तिला तीच ओळ शब्दशः, “डोक्यावर हाडाचा मुकुट” अशी सांगितली. तिने लगेच विचारले, “आई, म्हणजे शिंगं का?” आम्ही ओणवे होऊन गवतातून हरणाच्या मागे गेलो, चौथ्या प्रयत्नात त्याच्या पाठीवर बसता आले आणि त्याला चौथऱ्यावर नेताच जमिनीतून श्राइन वर आली. त्या क्षणी घरात झालेला आरडाओरडा ऐकून शेजारच्या काकू विचारायला आल्या होत्या.

नकाशाशिवाय सहा दिवसांत २१ बिया मिळाल्या, आणि त्यांपैकी १४ तिने दाखवल्या. आम्ही ४४१ पर्यंतच जायचे ठरवले आहे. हडसनला आता ३० मोळ्या हव्या आहेत आणि आमच्याजवळ १७ आहेत. फायसनला शोधायला रिटोंच्या गावी या वेळी घोड्यावरूनच जाणार आहोत, वाटेतला कोरा भाग बघत.