मदत हवी आहे: निळा, पिवळा आणि 'अर्धा-अर्धा' चतुर (ड्रॅगनफ्लाय). तीन जाती की एकच?

नमस्कार मंडळी,

गेले दोन महिने सकाळी तळ्याकाठी चतुर बघत बसते. वहीत रंगावरून नोंदी ठेवल्यात: लाल, गुलाबीसर लाल, पिवळा, निळा, हिरवा-काळा वगैरे. अकरा 'जाती' झाल्या होत्या आणि मी स्वतःवर भलतीच खूश होते. काल एका चतुराने सगळ्यावर पाणी फिरवलं.

लहानसाच होता, पोट जेमतेम दोन सेंटीमीटर. बांधावर थेट मातीत बसलेला. उडवला की चार पावलं पुढे जाऊन पुन्हा जमिनीवरच, गवताच्या काडीवर एकदाही नाही. धडाच्या बाजू पिवळट हिरव्या आणि पोटावर काळ्या खुणा, म्हणजे माझ्या वहीतला 'पिवळा क्र. २'. पण पाठीवर आणि पोटाच्या सुरुवातीला निळसर राखाडी थर होता, पाटीवर खडूचा हात पुसावा तसा. 'निळा क्र. १' तर पूर्ण असाच निळा आहे आणि तोही जमिनीवरच बसतो. मग हा कोण? तिसरी जात, की या दोघांचा संकर?

लाल चतुरांचाही घोळ आहे. दोन वेगळे वाटतात, पण फोटोत उजेड बदलला की रंग बदलतो आणि माझाच माझ्यावर विश्वास राहत नाही. रंगावर जायचं नाही तर बघायचं काय? फोटो जोडलेत, सगळे वरून काढलेले आहेत.

प्रतिसाद १

ताई, संकर वगैरे काही नाही. तुमचे पिवळा, निळा आणि अर्धा-अर्धा हे तिन्ही एकाच जातीचे आहेत: डिप्लॅकोडिस ट्रिव्हिॲलिस. मादी आणि कोवळा नर पिवळट हिरवे असतात. नर वयात आला की अंगावर मेणासारखी निळसर भुकटी धरते आणि काळ्या खुणा तिच्याखाली झाकल्या जातात. तुम्हाला दिसला तो मधल्या वयाचा नर. भुकटी खरोखरच वरवरची असते, घासली तर निघते.

खात्रीसाठी दोन गोष्टी बघा. पंख मुळापासून टोकापर्यंत स्वच्छ हवेत, मुळाशी तपकिरी किंवा पिवळी छटा नको. आणि पोटाच्या अगदी टोकाला जे दोन छोटे आकडे असतात ते मळकट पांढरे हवेत. तुमचा तिसरा फोटो मोठा करून पाहिला, आकडे पांढरे आहेत. पूर्ण निळ्या झालेल्या नरातही ते पांढरेच राहतात, म्हणून मी आधी तिथे बघतो.

पण नुसत्या पांढऱ्या आकड्यांवर थांबू नका. तुमचा 'हिरवा-काळा' म्हणजे ऑर्थेट्रम सबिना, त्याचेही आकडे पांढरट असतात. तो आकाराने बराच मोठा, पोट मुळाशी फुगीर आणि पुढे एकदम सडपातळ. नर-मादी दिसायला सारखे, आणि म्हातारपणीही हिरवे-काळेच. दुसऱ्या चतुरांना धरून खाताना सापडला तर आश्चर्य वाटून घेऊ नका, ती त्याची खोडच आहे.

प्रतिसाद २

लालबद्दल मी लिहिते. रक्तासारखा लाल आणि पोटावर मधोमध बारीक काळी रेघ, तो क्रोकोथेमिस सर्व्हिलिया. गुलाबी-जांभळट झाक असलेला लाल, तो ट्रिथेमिस ऑरोरा. उजेडाने फसवलं तर रंग सोडा आणि पाय बघा. पहिल्याचे पाय लालसर, दुसऱ्याचे काळे. ऑरोराच्या नराच्या पंखांतल्या शिराही लाल असतात, जवळून बघितलं तर लाल दोऱ्याची जाळी वाटते. पंखाच्या मुळाशी पिवळसर डाग दोघांनाही असतो, तेव्हा त्यावरून भांडू नका (मी भांडले आहे).

तुमच्या वहीत 'पिवळा, पोटावर जाड काळी रेघ' अशी नोंद आहे ना? ती बहुतेक सर्व्हिलियाची मादी किंवा कोवळा नर. हे नर पिवळ्याचे लाल होतात ते भुकटीने नाही, तर कातडीखालच्या रंगद्रव्यातच रासायनिक बदल होऊन. २०१२ मध्ये जपानी संशोधकांनी पिवळ्या चतुरांना क जीवनसत्त्व टोचलं तर ते लाल झाले, आणि त्या प्रयोगात सर्व्हिलियासुद्धा होता.

यापुढे एक फोटो वरून आणि एक बाजूने काढा. बाजूने घेतला की नर-मादी कळते. नराच्या पोटाच्या दुसऱ्या-तिसऱ्या खंडाखाली फुगवटा दिसतो, मादीला तो नसतो. लिंग कळलं की निम्मे पर्याय तिथेच गळतात.

आणि फोटो ७ मधला 'बारीक निळा' चतुर नाही, टाचणी (डॅम्सलफ्लाय, चतुराची बारीक अंगाची नातलग) आहे. डोळे डोक्याच्या दोन टोकांना आहेत आणि पंख पाठीवर मिटलेत.

मूळ प्रश्नकर्ती

दोघांचेही खूप आभार! आज पुन्हा जाऊन आले. लाल चतुराचे पाय बघायला चिखलात जवळजवळ लोटांगण घातलं. एकाचे लालसर, दुसऱ्याचे काळे कुळकुळीत. जाळीही दिसली.

त्याहून भारी म्हणजे, लाल पाय असलेल्याने पोटाच्या टोकाने एका पिवळीचं डोकं पकडलं होतं आणि दोघं तसेच लव्हाळ्यावर टेकले. पिवळीच्या पोटावर जाड काळी रेघ! बाजूने फोटो घेतलाय, थोडा हललाय पण रेघ दिसते.

वहीतल्या अकरा 'जातीं'पैकी आता सहा उरल्या, शिवाय एक टाचणी. एक शेवटची शंका: फोटो १२ मधला नारिंगी, पंखांवर रुंद नारिंगी पट्टा असलेला. त्याच्याच शेजारी बिनपट्ट्याचा, फिकट तपकिरी-पिवळा बसलेला आहे. मी दोन वेगळ्या जाती लिहिल्यात. लिहू ना?

प्रतिसाद १

ब्रॅकिथेमिस कॉन्टॅमिनाटा. पट्टावाला नर, बिनपट्ट्याची मादी. पाच करा.