उत्तर ७ तास नाही, ८ तास

एक गणित असं आहे: छप्पन दुकान या इंदूरच्या खाऊगल्लीत काउंटरवर काम केलं तर ताशी ६० रुपये, शिकवणीचे ताशी १००, आठवड्यात जास्तीत जास्त २० तास, कमाई किमान १५००; शिकवणी कमीत कमी किती तास? उत्तर ७ दिलंय. मांडणी बरोबर आहे, चूक अगदी शेवटच्या पायरीत झाली आहे.

शिकवणीचे तास य. वीसही तास भरले तर काउंटरचे २० − य. म्हणून ६०(२० − य) + १००य ≥ १५००, म्हणजे ४०य ≥ ३००, य ≥ ७.५. इथे दशांश सोडून देता येत नाही. ७ घालून बघा: ७८० + ७०० = १४८०, वीस रुपये कमी! ८ घातले की ७२० + ८०० = १५२०. अर्ध्या तासाचे पैसे मिळत असतील तर ७.५ चालेल, पण ते ७ तास ३० मिनिटं, ७ तास ५० मिनिटं नव्हे.

काउंटरचे तास क्ष धरले तर ६०क्ष + १००(२० − क्ष) ≥ १५००, म्हणजे −४०क्ष ≥ −५०० येतं. ऋण संख्येने भागताना चिन्ह उलटतं, मुलं नेमकी इथेच अडकतात: क्ष ≤ १२.५. आता मात्र खालचा पूर्णांक घ्यायचा, १२. तेरा केलेत की पुन्हा १४८०च.