मेयमंद : दोन आहेत, गल्लत नको

इराणातल्या मेयमंद या गुहाघरांच्या खेड्याची लोकसंख्या किती, असं धाग्यात विचारलंय. त्यावर एका उत्तरात नकाशाचा दुवा देऊन मेयमंद शिराझ शहराजवळ असल्याचं म्हटलंय आणि लोकसंख्याही तिथलीच दिलीये. ते फार्स प्रांतातलं, फिरूझाबादकडचं मेयमंद; गुलाबपाण्यासाठी प्रसिद्ध असलेलं छोटं शहर. धाग्यात विचारलेलं गुहाघरांचं खेडं केरमान प्रांतात, शहर-ए-बाबक तालुक्यात (शहरेस्तान म्हणजे साधारण आपला तालुका म्हणू). इराणात एकाच नावाची गावं ढिगाने आहेत, त्यामुळे प्रांत आणि शहरेस्तान पाहिल्याशिवाय आकडा उचलूच नये.

आता लोकसंख्या. इथे खरी गंमत आहे. केरमानमधल्या मेयमंदची माणसं शेतीही करतात आणि मेंढपाळीही. थंडीत ती मऊ खडकात कोरलेल्या घरांत राहतात. जमिनीतच चूल, आणि धुराने भिंती, छत सगळं काळंकुट्ट. वसंतात आणि शरदात मात्र शेळ्यामेंढ्या घेऊन डोंगरातल्या कुरणांवर, तात्पुरत्या वस्त्यांत मुक्काम. युनेस्कोने 2015 मध्ये जागतिक वारसा म्हणून नोंदवला तो नुसत्या गुहा नव्हे, तर हा अख्खा ऋतुचक्री परिसर. आणि इराणची 2006, 2011, 2016 ची जनगणना झाली कधी? शरदातच! गणना नेहमीच्या राहत्या घरावरून होते हे मान्य, पण ऋतूप्रमाणे वेगवेगळ्या ठिकाणी बिऱ्हाड असणाऱ्याचं नेहमीचं घर कुठलं धरायचं? म्हणून जनगणनेचा आकडा देताना वर्ष लिहाच. आणि प्रवासवर्णनांत येणारे 'इतकी माणसं उरली' छापाचे आकडे वाचताना लेखक तिथे कुठल्या महिन्यात गेला होता तेही बघा.