सापाच्या दाताला म्हणायचं काय: विषदंत, सुळा की घडीदात?

करवीरकर

पन्हाळा तालुक्यातल्या एका गावात नागपंचमीच्या आधी सापांच्या माहितीचा फलक लावायचाय. आठ बाय चारचा फ्लेक्स. चित्रं झाली, मजकूर एका शब्दापाशी अडलाय. ज्या दातातून विष उतरतं त्या दाताला लिहायचं काय? आमच्या गटातले निम्मे म्हणतात 'विषदंत' लिहा, पुस्तकात तोच आहे. माझा त्याला विरोध आहे. रात्री बारापर्यंत भांडून निकाल लागला नाही, म्हणून इथं मांडतोय.

'विषदंत' म्हटलं की डोळ्यापुढं काय येतं? कॅलेंडरवरचा नाग. फणा काढलेला, वरून खाली आलेले दोन लांब दात, टोकाला थेंब. मग साप चावल्यावर लोक काय शोधतात? दोन टोचे. टोचे दिसले नाहीत की 'साधं जनावर होतं' म्हणून हळद लावून झोपवतात. मागच्या पावसाळ्यात ओळखीच्या घरात हेच झालं. पोरगं खाली अंथरुणावर झोपलेलं, पहाटे पोटात दुखतंय म्हणून उठलं. अंगावर डास चावल्याएवढीही खूण नाही. पापण्या मिटायला लागल्या तेव्हा आजीला शंका आली. मण्यार होती. पोरगं वाचलं, पण चार दिवस व्हेंटिलेटरवर काढून.

शब्द एक आणि दात मात्र तऱ्हेतऱ्हेचे. गाडीखाली सापडून मेलेल्या घोणशीचं तोंड आमच्या सरांनी एकदा चिमट्यानं उघडून दाखवलं होतं. (मेलेल्या सापाच्या दातातलं विष मरत नाही, घरी कुणी करू नका.) आधी दात दिसलेच नाहीत. टाळूला चिकटून, मांसल खोळीत मागं झोपलेले. सरांनी चिमट्यानं खोळ मागं सारली, दात पुढं ओढला आणि तो घडीच्या चाकूसारखा उलगडला. बाभळीच्या काट्यासारखा बाकदार, दुधी, तांदळाचे दोन दाणे टोकाला टोक लावून ठेवावेत एवढा. भिंगातून मी टोकाला भोक शोधत बसलो, तर टोक भरीव! बारीक लांबट चीर होती ती टोकाच्या थोडी अलीकडं, पुढच्या अंगाला. इंजेक्शनची सुई तिरकी कापतात तसंच हे. टोकानं घुसायचं, भोक बुजायचं नाही.

हे पाहिलेला माणूस त्याला नुसतं 'विषदंत' कसं म्हणेल? माझा प्रस्ताव असा. घोणस, फुरसं, चापडा यांचा तो घडीदात. मांजऱ्या आणि हरणटोळ यांच्या जबड्यात मागं असतो तो पन्हळदात, कारण त्याला पत्र्याच्या पन्हळीसारखी उघडी खोबण असते. नाग-मण्यारीचा दातही पन्हळदातच म्हणावा. आणि गाव पन्हाळ्याखालचं. पन्हाळ्याला जुन्या परंपरेत 'पन्नगालय', सापांचं घर, म्हटलं जातं. पन्हळ हा शब्द तिथं शिकवावा लागणार नाही, प्रत्येक घराच्या वळचणीला आहे.

जीवशास्त्र_मॅडम

दादा, तुमची कळकळ पोचली, पण मी याच्या विरोधात आहे. मी अकरावी-बारावीला शिकवते. शास्त्रात या प्रकारांना ठरलेली नावं आहेत: अॅग्लायफस (खोबण नसलेला), ऑपिस्थोग्लायफस (मागं खोबणीचा), प्रोटेरोग्लायफस (पुढं खोबणीचा), सोलेनोग्लायफस (नळीचा). जगात कुठंही गेलं तरी तीच. तुम्ही इथं घडीदात म्हणणार, सांगलीतला गट दुमडदात म्हणणार, कोकणातला आणखी काही. मग पोराला कळणार कसं की ही सगळी एकाच वस्तूची नावं आहेत? गोड वाटतो म्हणून शब्द परिभाषा होत नाही. सगळ्यांनी एकच वापरला तर ती परिभाषा. फलकावर सोपं लिहा, पण नवं नाव पाडू नका.

कोशकर

मॅडमशी अर्धा सहमत. ग्रीक नावं फलकावर नकोत, पण 'विषदंत' का टाकायचा? विष आणि दंत, दोन्ही शब्द चौथीच्या पोराला कळतात. मी तीस वर्षं भाषांतर करतो. शब्दानं सगळं वर्णन करावं ही अपेक्षाच चुकीची आहे. 'घड्याळ' म्हणताना त्यातली चाकं कुठं दिसतात? पोरगं घरी ठेवलं गेलं ती चूक गैरसमजाची, शब्दाची नाही.

आणि कोल्हापुरात तरी हा वाद जपून घालावा. कवी माधव ज्यूलियन इथं राजाराम कॉलेजात शिकवायचे. फारसीचे जाणकार, कवितेत फारसी शब्द मनमुराद वापरलेले, आणि तेच पुढं भाषाशुद्धीचे कैवारी झाले. एवढ्या तयारीच्या माणसाचंही मत आयुष्यात बदललं. आपण एका फ्लेक्ससाठी नवी परिभाषा पाडायला निघालोय.

वाडीवस्ती

आमच्याकडं रातच्याला साप म्हणतबी न्हाईत, लांबडं म्हणत्यात. चावलं असं न्हाई म्हणत, पान लागलं म्हणत्यात. दाताला आम्ही सुळं म्हणतो. कुत्र्याचं सुळं, रानडुकराचं सुळं, सापाचं सुळं. ह्यात काय वाईट हाय? समद्यांस्नी कळतंय.

जीवशास्त्र_मॅडम

वाईट नाही भाऊ, पण शास्त्राच्या दृष्टीनं चूक आहे. सुळा हा सस्तन प्राण्याचा ठराविक दात आहे, पटाशीच्या दातांच्या शेजारचा. सापाच्या तोंडात पटाशी, सुळा, दाढ अशी वाटणीच नसते.

कोशकर

मॅडम, मग हत्तीचे सुळे कसे चालतात? ते तर वरच्या पटाशीचेच दात आहेत. मराठीत सुळा म्हणजे लांब, टोकदार, बाहेर आलेला. डोंगराचा सुळका त्याच घरातला. प्राणिशास्त्राच्या कप्प्याशी या शब्दाचा करार झालेला नाही. सुळ्याला माझी हरकत नाही, फक्त विषदंत मला जास्त नेमका वाटतो.

करवीरकर

सुळ्याला माझी हरकत आहे, आणि ती मॅडमच्या कारणानं नाही. कवड्या साप घ्या. त्याच्या शास्त्रीय नावातच 'लांडग्याचा दात' आहे, पुढचे दात तसे मोठे असतात म्हणून. सुळे आहेत, विष नाही. शेजारी मण्यार ठेवा. पट्टे जवळपास तसेच, दात इतके बारीक की चावल्याचं कळतही नाही, आणि माणूस मारणारी ती. सुळे दिसतात तो विषारी, असं फलकावरून कुणाच्या डोक्यात बसलं तर कवड्या मरणार आणि मण्यार सुटणार.

मॅडम, ती ग्रीक नावं १९व्या शतकाच्या मध्यात फ्रेंच सर्पशास्त्रज्ञ द्युमेरिल यांनी पाडली. त्यांनी काय केलं? 'सोलेन' म्हणजे नळी, 'ग्लायफे' म्हणजे कोरणं. नळी कोरलेला. ग्रीक माणसाला हे घरगुती शब्द आहेत. इंग्रजीतला 'फँग'सुद्धा मूळचा 'पकडणं' या अर्थाचा. त्यांनी वस्तू बघून घरातला शब्द उचलला. आपण तेच करायला गेलो की ते गावठी कसं होतं?

उत्क्रांती

मी प्राणिशास्त्रात एम.एस्सी. करतेय. करवीरकर दादा, एक मोठी चूक सुधारा. नाग आणि मण्यार यांचा दात पन्हळदात नाही. त्यांची खोबण वरून मिटलेली असते, पुढच्या अंगाला फक्त सांध्याची रेघ उरते. आतून ती नळीच. द्युमेरिल यांच्या नावातही हीच गफलत आहे, प्रोटेरोग्लायफस म्हणजे 'पुढची खोबण'. नाग आणि घोणस यांच्यातला खरा फरक नळी-पन्हळीचा नाहीच. नागाचा दात आखूड, जबड्याच्या पुढच्या भागात जवळपास पक्का बसलेला. घोणशीचा लांब आणि मिटणारा. वरच्या जबड्याचं ते हाडच लहान झालेलं असतं आणि बिजागरीसारखं फिरतं, म्हणून एवढा लांब दात बंद तोंडात मावतो. तोंड मिटून गप्प बसलेल्या घोणशीकडं बघून तिच्याकडं काय आहे याचा अंदाजही येत नाही.

शिवाय 'पुढचे' आणि 'मागचे' याच्यावर फार भर देऊ नका. २००८ साली 'नेचर'मध्ये सापांच्या गर्भांचा अभ्यास आला. नाग असो, घोणस असो की मागचे दातवाले, विषाचा दात गर्भात वरच्या जबड्याच्या मागच्या भागातूनच उगवतो. नाग-घोणशीत वाढीच्या ओघात तो पुढं येतो. मला हे वाचल्यापासून प्रत्येक साप नव्यानं बघावासा वाटतो.

करवीरकर

चूक मान्य. मग नाग-मण्यारीला खुंटीदात. भिंतीत ठोकलेली खुंटी, हलत नाही, मिटत नाही. पन्हळदात फक्त मांजऱ्या, हरणटोळ यांना.

अमरवाणी

निवृत्त संस्कृत शिक्षक. घडीदात, खुंटीदात ऐकून बरं वाटलं, पण घरात सोनं असताना पितळ का घडवताय? सापाच्या विषारी दाताला संस्कृतात स्वतंत्र शब्द आहे: 'आशी'. त्यावरूनच सर्प म्हणजे 'आशीविष', ज्याच्या आशीत विष आहे तो. कुत्रा, डुक्कर, हत्ती कुणाशीही घोटाळा नाही. 'दंष्ट्रा'ही आहे, पण तिचीच पुढं मराठीत दाढ झाली, त्यामुळं आता ती या कामाची राहिली नाही.

आणि खुणांबद्दल म्हणाल तर सुश्रुतानं दंशाचे प्रकार वेगळे केलेत. सर्पित म्हणजे दात खोल गेलेला, खूण एक, दोन किंवा जास्तही. रदित म्हणजे ओरखडा. निर्विष म्हणजे चावा आहे पण विष नाही. दोनच टोचे असले पाहिजेत असं तो म्हणत नाही.

वाडीवस्ती

गुरुजी, आशी म्हटल्यावर आमच्या आईला वाटंल आशाबाईचं काय तरी चाललंय. राग मानू नका, पण शब्द कानावरनं गेला पायजे आधी.

अमरवाणी

राग नाही. पण 'संगणक' तरी कुणाच्या कानावरून आधी गेला होता? शाळेत शिकवला, रुजला.

भुदरगडचा_डॉक्टर

सगळं वाचलं. मला तुमच्या सगळ्यांच्याच विरोधात बोलायचंय. फलकावर दात आणूच नका.

देशात साप चावून वर्षाला सरासरी ५८ हजार माणसं मरतात, २००० ते २०१९ या काळाच्या अभ्यासातला हा अंदाज आहे. माझ्याकडं आलेला प्रत्येक नातेवाईक आधी पाय उचलून खुणा दाखवतो. "डॉक्टर, एकच टोचा आहे." मी खुणा मोजत नाही. चालू दाताशेजारी बदलीचा नवा दात आलेला असतो, तेव्हा तीन-चार टोचेही उमटतात. दात घासून गेला तर ओरखडाच. खोल दोन टोचे असून विष न उतरलेले कोरडे चावेही येतात. मी पापण्या बघतो, गिळता येतंय का विचारतो, हिरड्यांतून रक्त येतंय का बघतो. काचेच्या स्वच्छ, कोरड्या नळीत दोन मिली रक्त घेऊन वीस मिनिटं न हलवता ठेवतो. गोठलं नाही तर घोणस-फुरशाचं विष धरून चालतो. नाग, मण्यार, घोणस, फुरसं, चौघांच्या विषावर आपल्याकडं उताऱ्याची लस (प्रतिविष) एकच आहे. दाताचं नाव कळून माझ्या उपचारात काहीही बदलत नाही.

घडीदात, खुंटीदात शिकलेला माणूस चावल्यावर काय करेल? दात ओळखायला बसेल. साप शोधेल, मारेल, पिशवीत घालून आणेल. तासभर गेला. करवीरकर, तुमचा हेतू चांगला आहे, पण तुम्ही लोकांचं लक्ष परत तोंडाकडंच वळवताय.

करवीरकर

डॉक्टरसाहेब, हे लागलं. दोन दिवस विचार करतोय.

फलकाचा वरचा अर्धा भाग तुमचा. मजकूर असा: 'खूण दिसो वा न दिसो, साप चावल्याची शंका आली की दवाखाना. कापू नका, चोखू नका, आवळून बांधू नका. मोडलेलं हाड जपतो तसा हातपाय न हलवता आधार देऊन ठेवा. सापाच्या मागं लागून त्याला मारू नका. १०८ ला फोन करा.' यात दाताचा शब्दही नाही.

पण खालच्या अर्ध्या भागात दात मी ठेवणार. नागपंचमीला कुणी दात काढलेला नाग घेऊन आला की आयाबाया पोरांना हात लावायला सांगतात, 'दात न्हाईत, भ्या नको.' ते दात काही आठवड्यांत परत येतात, मागं बदलीचे रांगेत उभेच असतात. हे सांगायला दात दाखवावा लागतो. मांजऱ्या-हरणटोळाला पन्हळदात आहे, त्यानं पाल-सरडा लुळा पडतो, माणूस सहसा दगावत नाही, हे सांगायलाही दाखवावा लागतो. नाहीतर आमच्याकडं हरणटोळ दिसला की ठेचतात, तो डोक्याची टाळू फोडतो असा समज आहे म्हणून.

जीवशास्त्र_मॅडम

घडीदात मला अजून पटलेला नाही. तरीही चित्राखाली मोठ्या अक्षरात तुमचा शब्द आणि खाली बारीक अक्षरात देवनागरीत ग्रीक नाव असं केलंत, तर माझी मुलं तो फलक बघायला आणेन. दोन्हींतलं कोणतं नाव महिन्याभरानं त्यांच्या तोंडात राहतं ते मी वर्गात विचारणार आहे, आणि जे येईल ते इथं लिहीन, माझ्या विरोधात गेलं तरी.

कोशकर

मी विषदंतावर ठाम आहे. दात तऱ्हेतऱ्हेचे असतील, पण त्या सगळ्यांना मिळून एक शब्द लागतोच. घोणशीचा विषदंत घडीचा, नागाचा खुंटीचा, असं लिहा. जातीचं नाव राहू द्या, प्रकाराचं तुम्ही ठेवा.

करवीरकर

हे बसतंय. विषदंत एकदाच, मथळ्यात. पुढं तुमचं-माझं एकत्र.

वाडीवस्ती

मण्यारीच्या चित्राशेजारी उशी-अंथरूण काढा. ती रानात न्हाई, घरात निजल्यावर चावती, हे चित्रात दिसू द्या. आन् फलक देवळापाशी लावू नका, तिकडं सणालाच माणूस जातो. दूध डेअरीच्या भिंतीवर लावा. सकाळ-संध्याकाळ किटली घिऊन समदी लाईनीत हुभी असत्यात, वाचायला टाईम असतोय.