पिठाची गिरणी आणि सॉ मिल (लाकूड कापायची गिरणी) एकच का? परवाने खुले करा म्हणणाऱ्यांना उत्तर

रानवाट, गोंदिया
काल एकाने लिहिलं, 'पिठाच्या गिरणीला सुप्रीम कोर्ट आडवं येत नाही, मग सॉ मिललाच का? परवाने खुले करा.' वाचून राहवलं नाही. गहू कुणी राखीव जंगलातून चोरून आणत नाही, साग आणतात. ओंडक्यावर वनखात्याच्या हातोड्याचा शिक्का असतो, सोबत टीपी म्हणजे वाहतूक परवाना असतो. करवतीखालून गेला की उरतात फळ्या आणि रिपा. त्या मालकीतल्या की जंगलातल्या, हे मग फॉरेस्टवालाही सांगू शकत नाही. चोरी पकडायची शेवटची जागा म्हणजे गिरणीचं दार. म्हणूनच जंगलतोडीवरच्या गोदावर्मन खटल्यात सुप्रीम कोर्टाच्या १२ डिसेंबर १९९६ च्या आदेशानंतर मार्च १९९७ मध्ये कोर्टाने महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेशातल्या विनापरवाना गिरण्या बंद करायला लावल्या. २००२ मध्ये नव्या गिरणीला कोर्टाच्याच केंद्रीय अधिकारप्राप्त समितीची पूर्वपरवानगी सक्तीची केली. तरी आपल्याकडे परवानग्या दिल्या गेल्याच! त्यापायी २००६ मध्ये मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना अवमानाबद्दल एक महिन्याची कैद झाली. कोर्टाचा आदेश डोक्यावर असताना हे झालं. सगळं खुलं केलंत तर काय उरेल?

लांजेकर
तुमचं जंगल तुम्हाला लखलाभ. आमच्याकडे कोकणात लाकूड खाजगीतलंच. गिरण्या मोजक्या, मालक एकमेकांचे सोयरे, भाव तेच ठरवणार. वडलांनी लावलेला साग विकायला नेला तर 'एवढेच मिळतील, नको तर परत न्या.' ओंडके परत नेऊन ठेवू कुठे? नवी गिरणी निघत नाही म्हणून जुन्या परवान्याला यंत्रापेक्षा जास्त किंमत. ही मक्तेदारी कोर्टाने जन्माला घातली. आणि जंगल वाचलं का? ते रात्री ट्रक भरून जातंच आहे.

वकिली_चष्मा
दोघांनीही २१ ऑक्टोबर २०२२ चा निकाल वाचा. उत्तर प्रदेशाने १३५० नव्या लाकूड उद्योगांना परवाने द्यायचं ठरवलं, हरित लवादाने अडवलं, सुप्रीम कोर्टाने लवादाचा आदेश रद्द केला. दार कायमचं बंद नाही. लाकूड पुरेसं आहे हे दाखवावं लागतं, आणि २०१६ च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार ते राज्यस्तरीय समिती बघते.

रानवाट, गोंदिया
उत्तर प्रदेशातल्या पॉप्लरचा (प्लायवूडसाठी शेतात लावतात ते झाड) दाखला सागाला लावू नका. तिथला पॉप्लर शेतकऱ्यानेच लावलेला, जंगलातून यायचा प्रश्न नाही. आमच्याकडे बांधावरचा साग आणि जंगलातला साग एकाच जातीचा. समिती कागदावरच्या आकड्यांवर निर्णय देणार, आणि ते आकडे कोण भरतं?

माहेर_संगमेश्वर
गिरणीपर्यंत पोचायचं पुढचं. आधी झाड तोडायची परवानगी तर मिळू दे! १९६४ च्या झाडतोडीच्या कायद्यात आंबाही येतो. आमचा जुना आंबा घरावर झुकला होता. अर्ज दिला, सातबारा जोडला, पाहणीला कुणी फिरकलं नाही. पावसात अख्खी फांदी पडवीवर आली. सासूबाई पाच मिनिटांपूर्वी तिथेच बसल्या होत्या. आणि २०२४ मध्ये मंत्रिमंडळ ठरवतं की विनापरवानगी तोडीचा हजाराचा दंड पन्नास हजार करू!

डोंगरमाथा
पन्नास हजारच हवेत. ठेकेदार हजार रुपये दंडाचे बाजूला काढूनच डोंगरावर चढतो. अख्खा उतार एका महिन्यात बोडका.

माहेर_संगमेश्वर
तो पन्नासही बाजूला काढेल. एका झाडासाठी पन्नास हजार आम्ही कुठून आणणार?

लांजेकर
शहरात बसून डोंगराची काळजी करणं सोपं असतं.

डोंगरमाथा
तोंड सांभाळून. मी देवरुखला राहतो. आमच्या वरचा माळ तोडल्यापासून पऱ्या (ओढा) मार्चलाच आटतो. कुणाच्या सागाला किती भाव आला त्याने माझी विहीर भरत नाही.

वकिली_चष्मा
धागा सॉ मिलचा होता.

माहेर_संगमेश्वर
झाडाशिवाय सॉ मिल चालते का? धोकादायक झाडाच्या अर्जावर ठरावीक मुदतीत उत्तर द्या, नाहीतर परवानगी मिळाली असं धरा. एवढंच मागतेय.

डोंगरमाथा
घरावर झुकलेल्या झाडापुरतं मान्य. डोंगरउतारासाठी नाही.

रानवाट, गोंदिया
लांजेकर, मक्तेदारीचा मुद्दा खोटा नाही, तेवढा देतो. पण उपाय परवाने सरसकट खुले करणं नव्हे. ज्या तालुक्यात राखीव जंगल नाही आणि सागाची सातबाऱ्यावर नोंद आहे, तिथे समितीने नवी गिरणी द्यावी. गडचिरोलीला हात लावू नका.

लांजेकर
नोंद आमच्याकडे आहेच. उतारा गिरणीवाल्यापुढे ठेवला होता, त्याने उघडूनही पाहिला नाही. समितीपुढे ठेवायचा तर अर्ज कुठल्या ऑफिसात द्यायचा, तेवढं सांगा.