बर्नलीतलं जुनं घर: मागच्या खोलीतलं हे विटांचं चुलाण कशासाठी होतं?

पावसाळी_पाहुणी

नमस्कार मंडळी. दोन महिन्यांपूर्वी आम्ही लँकाशायरमध्ये बर्नलीला घर घेतलं. एकाला एक चिकटलेल्या रांगेतलं, दगडी, कागदांवर १८९६ सालचं. खाली दोन खोल्या, वर दोन, मागे फरशीचं अंगण आणि अंगणाच्या टोकाला एक बंद कोठडी.

आता दुरुस्ती चालू आहे आणि कंत्राटदार रोज विचारतोय की मागच्या खोलीतलं 'ते' तोडू का. 'ते' म्हणजे कोपऱ्यात विटांनी बांधलेलं, माझ्या कमरेएवढं काहीतरी. वर गोल खड्डा, खाली तव्याएवढं लोखंडी दार. आजोळच्या न्हाणीतल्या चुलाणासारखं दिसतं. त्याच खोलीच्या छताला चार लाकडी दांड्या आहेत, दोरी ओढली की कप्पीवरून खाली येतात. आणि पुढच्या दाराची दगडी पायरी मधोमध इतकी झिजलीय की पाऊस पडला की तिथे वाटीभर पाणी साचतं. कडेला सायीच्या रंगाचं काहीतरी फासल्याचा डाग आहे, तो घासून जात नाही.

चुलाण तोडण्याआधी मला कळून घ्यायचंय की इथली बाई दिवसभर करायची काय? माझ्या डोक्यातली जुन्या काळची इंग्रज बाई म्हणजे टीव्हीवरची: हातमोजे, चहा, हाताखाली मोलकरणी. या घरात मोलकरीण झोपणार कुठे, तेच कळत नाही.

खडूस_खानदेशी

तोडा. तिथे वॉशिंग मशीन बरोबर बसेल.

निवृत्त_सिस्टर

अगं, तोडू नकोस. निदान माझं वाचून होईपर्यंत तरी. आणि खानदेशी, तुम्ही थट्टेत म्हणालात पण ते वॉशिंग मशीनच आहे हो!

मी १९७१ साली मिरजेहून इकडे नर्स म्हणून आले. दोन वर्षं नर्सेस होममध्ये काढली, मग बर्नलीतच एका विधवा बाईकडे खोली घेतली. घर तुझ्यासारखंच. बाई १९०१ ची, म्हणजे माझ्या आजीच्या वयाची. नाव लिहीत नाही, नातवंडं इथेच आहेत. मी तिला 'मिसेस अमुक' म्हणायची आणि ती मला 'लव्ह'. पहिल्या दिवशी मी लाजले होते. मग कळलं, बसचा कंडक्टरही तेच म्हणतो.

ते चुलाण म्हणजे कपडे उकळायचा बॉयलर. खड्ड्यात तांब्याचं नाहीतर बिडाचं भांडं बसवलेलं असायचं, खालच्या दारातून कोळसा. धुण्याचा वार सोमवार. माझ्या घरमालकिणीची आई पहाटे उठून बादल्यांनी भांडं भरायची, जाळ करायची, साबणाची लांब वडी सुरीने किसून टाकायची. चादरी, टॉवेल, नवऱ्याचे सदरे, सगळं पांढरं उकळायचं. बाकीचं जस्ताच्या पिंपात घालून पॉसरने चेपायचं. काठीच्या टोकाला तांब्याची भोकं पाडलेली घंटा असते, तो पॉसर. ताक घुसळल्यासारखं, फक्त वरखाली. ओली चादर पाण्यातून उचलून बघ कधी, मग खांदे कसे होत असतील ते कळेल.

मग मँगल, म्हणजे कपडे पिळायचं यंत्र. दोन लाकडी लाटणी, बाजूला चाक. बटणं आत दुमडून घालायची नाहीतर फुटायची. तिच्या डाव्या हाताचं मधलं बोट चपटं होतं, पाच वर्षांची असताना लाटण्यांत गेलेलं. मग खळबळणं, मग नीळ, मग खळ, आणि परत मँगल. निळीची फडक्यात बांधलेली पुरचुंडी मी तिच्या कपाटात पाहिली आणि मला रडूच आलं, कारण आईची पुरचुंडी तशीच असायची. ही नीळ रेकिट कंपनीची, हल गावातली. आपल्याकडची रॉबिन नीळसुद्धा त्याच कंपनीची.

वाळत घालायचं मागच्या गल्लीत, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत दोरी बांधून. आधी दोरी फडक्याने पुसायची, कारण गिरण्यांच्या चिमण्यांची काजळी. तिची आई म्हणायची म्हणे की वारा कुठल्या गिरणीकडून येतोय ते चादरीवरून सांगता येतं. कोळशाचा गाडीवाला नेमका सोमवारी गल्लीत शिरला तर त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार व्हायचा. पाऊस आला (बर्नलीत म्हणजे आलाच) की सगळं घरात. त्या छताच्या दांड्या त्याच्यासाठीच. आपल्या आईने काठीने दांडीवर लुगडं सरकवावं, तसंच. जेवताना डोक्यावर ओली अंतर्वस्त्रं ठिबकतायत, असा सोमवार. जेवायला रविवारचं उरलेलं मांस गार, सोबत उरलेले बटाटे नि कोबी परतून. त्या दिवशी नवऱ्याने गरम जेवण मागायचं नाही.

पण हा तिच्या आईचा सोमवार झाला. तिचा स्वतःचा वेगळा होता, कारण ती विणकर. बर्नली, नेल्सन, ब्लॅकबर्न ही विणकामाची गावं, इथे लग्न झालं तरी बायका माग सोडायच्या नाहीत. ती बाराव्या वर्षी, १९१३ साली, 'हाफ-टायमर' म्हणून लागली. एक आठवडा सकाळी गिरणी आणि दुपारी शाळा, पुढच्या आठवड्यात उलटं. दुपारी बाकावर डोकं टेकून झोपली तर मास्तर उठवायचा नाही, म्हणायची. पुढे लग्न, मुलगी, आणि चार मागांवर दिवसभर उभं राहणं. मुलगी शेजारच्या म्हातारीकडे, आठवड्याला काही शिलिंग देऊन. म्हणजे जे काम तिची आई पहाटे पाचला सुरू करायची ते ही संध्याकाळी सहाला सुरू करायची. रात्री दहाला मँगल फिरवताना शेजारीण भिंतीवर ठोकायची, आवाज बंद कर म्हणून नाही हं, 'माझंही चालू आहे' म्हणून.

मागांच्या खडखडाटात काही ऐकू येत नसे, म्हणून विणकर बायका तोंडाच्या मोठ्या हालचाली करून, ओठ वाचून बोलायच्या. त्याला 'मी-मॉ' म्हणतात. सत्तरीतही ती शेजारणीशी खिडकीच्या काचेआडून अशी बोलायची, आवाज न काढता, आणि मला खात्री असायची की विषय मीच आहे. तुला तो आवाज ऐकायचा असेल तर बर्नलीलगतच्या हार्ल साइकला क्वीन स्ट्रीट मिल आहे, आता संग्रहालय. तिथल्या वाफेच्या इंजिनाचं नाव 'पीस', म्हणजे शांतता. माग चालू केले की या नावावर हसू येतं.

आता तुझी पायरी. तो डाग 'डाँकी स्टोन'चा. दगडाची पूड, सिमेंट आणि ब्लीच यांची वडी. एका कंपनीच्या वडीवर गाढवाचा छाप असायचा म्हणून हे नाव. भंगारवाला जुन्या चिंध्यांच्या बदल्यात द्यायचा, आपल्याकडे बोहारीण भांडी देते तशी. पायरी धुवायची आणि कडेने वडी घासून पट्टा काढायचा, सायीच्या रंगाचा नाहीतर पांढरा. आपण दारात सडा घालून रांगोळी काढतो तसं वाटेल तुला, मलाही वाटलं होतं. पण देवाधर्माचा संबंध नाही, सगळा लौकिकाचा. पायरी काळी म्हणजे बाई आळशी. १९७३ सालीसुद्धा ती बहात्तराव्या वर्षी गुडघ्यांखाली पोतं घेऊन घासायची. एकदा तिचा गुडघा सुजला म्हणून मी केलं. ती बाहेर आली, बघितलं, 'व्हेरी नाइस, लव्ह' म्हणाली. मी ड्यूटीवरून परत आले तेव्हा पट्टा नवा होता.

नवरा काय करायचा? कोळसा आत आणायचा, आणि शुक्रवारी पगाराचं पाकीट न फोडता टेबलावर ठेवायचा. तिने त्यातून त्याला हातखर्चाला द्यायचे. हे ऐकून मला तेव्हा फार कौतुक वाटलं. मग ती म्हणाली, पाकीट देणं सोपं असतं गं, त्यात आठवडा बसवणं कोणाकडे होतं? भाडं, कोळसा, मयतीच्या विम्याचे पैसे, आणि को-ऑपचं, म्हणजे सहकारी भांडाराचं, दुकान. को-ऑपमध्ये खरेदीवर लाभांश मिळायचा, 'डिव्ही'. मुलीचा टेलिफोन नंबर तिला कधी पाठ झाला नाही, पण डिव्हीचा नंबर झोपेतून उठवून विचारला तरी सांगायची.

एकटा_जीव

वा सिस्टर, डोळ्यांसमोर उभं केलंत. वाचून वाटलं, ती माणसं आपल्यापेक्षा सुखी होती. कष्ट होते पण ताण नव्हता. शेजार होता. आज मशीन आहे आणि भिंतीवर ठोकणारं कुणी नाही.

निवृत्त_सिस्टर

तुम्ही पुरुष आहात असं धरून चालते.

त्या बाईच्या तोंडात स्वतःचा एक दात नव्हता. म्हातारपणामुळे नाही. १९२२ साली, एकविसाव्या वर्षी, लग्नाआधी वडिलांनी सगळे दात काढून कवळी करून दिली. आहेर म्हणून! पुढे दातांचा खर्च नवऱ्यावर पडू नये. ती एकटी नव्हती, त्या पिढीतल्या कितीतरी बायकांकडून मी वॉर्डात हेच ऐकलं.

१९११ च्या कायद्याने कामगाराला आरोग्य विमा मिळाला, पण ज्याचा पगार त्याचाच. घरी बसलेली बायको त्यात नाही. माझी घरमालकीण विणकर म्हणून विम्यात होती, तिची आई नव्हती. त्या आईला आठ बाळंतपणं, आणि नंतर अंग बाहेर यायचं. चिंध्यांची घडी बांधून ती सोमवारचं धुणं करायची, वर्षानुवर्षं. डॉक्टरला द्यायला पैसे नाहीत, आणि सांगायची लाज. १९३९ साली या देशातल्या १२५० कामकरी बायकांची पाहणी छापली गेली, त्यात पानोपानी हेच: पाय, पाठ, दात, रक्त कमी, आणि 'डॉक्टरकडे गेले नाही'. जुलै १९४८ मध्ये सरकारी आरोग्यसेवा सुरू झाली तेव्हा अशा बायकांची रांग लागली होती, हे मला माझ्या वॉर्डातल्या थोरल्या सिस्टरने सांगितलं. वीस-वीस वर्षं अंगावर काढलेली दुखणी.

शेजार होता, हे खरं. बाळंतपणाला येणारी आणि प्रेताला आंघोळ घालणारी बाई बहुतेक एकच असायची, गल्लीतलीच. पण त्याच शेजाराने बाळंतिणीला घरात येऊ दिलं नाही. चर्चमध्ये जाऊन पाद्र्याकडून 'चर्चिंग' होईपर्यंत तिने दुसऱ्याचा उंबरा ओलांडायचा नाही, अपशकुन! मी तिला आपला सुईर, सव्वा महिना समजावून सांगितला तर म्हणाली, 'एवढ्या लांबून आलीस आणि तेच?'

खडूस_खानदेशी

सिस्टर, आधीचं 'तोडा' मागे घेतो.

एक भर. या बायका नुसत्या सोसत बसल्या नव्हत्या. बर्नलीशेजारच्या नेल्सनच्या सेलिना कूपर, लहानपणीच गिरणीत लागलेल्या. मताच्या हक्कासाठी लँकाशायरच्या गिरण्यांतल्या बायकांच्या सह्या गोळा करणाऱ्यांत त्या होत्या. गिरणीच्या फाटकाशी, दाराशी उभं राहून २९ हजारांहून जास्त सह्या, आणि १९०१ मध्ये तो अर्ज पार्लमेंटला नेला. लंडनच्या मोर्च्यांचे फोटो सगळ्यांनी पाहिलेत, ही मंडळी मात्र कुणाला ठाऊक नसतात.

निवृत्त_सिस्टर

बरोबर. तरी मत आलं १९१८ ला, तेही तिशीच्या वरच्यांना. माझ्या बाईने पहिलं मत टाकलं १९२९ साली. कुणाला दिलं ते नवऱ्याला शेवटपर्यंत सांगितलं नाही. मला सांगितलं, पण मी इथे लिहिणार नाही.

आणि १९४६ साली तिच्या मुलीला दुसऱ्या मुलाचा भत्ता सुरू झाला, आठवड्याला पाच शिलिंग. आधीच्या मसुद्यात तो बापाच्या नावे होता, लिव्हरपूलच्या एलिनर रॅथबोन या खासदार बाई भांडल्या म्हणून आईच्या हाती आला. पोस्टातून पहिले पाच शिलिंग आणले तेव्हा मायलेकींनी काय घेतलं असेल? मी तीनदा विचारलं. तिन्ही वेळा म्हणाली, 'कोळसा.'

पावसाळी_पाहुणी

सिस्टर, तुम्हाला मावशी म्हटलं तर चालेल का? काल रात्री नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखवलं. चुलाण राहणार. कंत्राटदाराला सांगितलं, तर म्हणतो त्याच्या आजीकडेही होतं, आणि अर्धा तास काम सोडून बोलत बसला. (त्या अर्ध्या तासाचे पैसे बिलात दिसतील.)

आता फक्त अंगणातली कोठडी. कुलूप तोडलं. आत लाकडी फळी, तिला गोल भोक, आणि खाली खोल काळोख. साखळी नाही, टाकी नाही. मी वर स्वयंपाकघरात सिंकचं पाणी सोडलं, तर थोड्या वेळाने खालून कुणीतरी गर्जना केल्यासारखा आवाज आला. मी पळाले. हे काय आहे?

निवृत्त_सिस्टर

म्हण की मावशी.

तो टिपलर संडास. आमच्या बर्नलीची खासियत. सिंकचं सांडपाणी जमिनीखाली एका डोलणाऱ्या हौदात साठतं, भरला की तो आपोआप उलटतो आणि सगळं धुऊन नेतो. कधी उलटेल त्याचा नेम नाही. माझ्या बाईची मुलगी लहानपणी त्यावर बसायला इतकी घाबरायची की आईला दाराबाहेर गाणं म्हणत उभं राहावं लागे, डिसेंबरात, हातात मेणबत्ती घेऊन.

अजून चालू आहे म्हणजे कमाल आहे. वाकून बघू नकोस, चष्मा पडेल.